आठवण कोणाच्या नावावर?

माजिवडा गावठाणात आमच्या घरापासून चार दारे सोडून माझी चुलत काकी राहते. वय नव्वदीच्या आसपास. सहा वर्षांपूर्वी मी तिच्या आठवणी मोबाइलवर मुद्रित करायला सुरुवात केली. मी इतिहासाचा प्राध्यापक नाही. कारखान्यात यंत्रांची देखभाल करण्यात उमेदीची वर्षे गेली. वाचन आणि टिपणे काढणे हे रात्रपाळी संपल्यावरचे उद्योग. भाताची खाचरे, पाणंद, खाडीकडे जाणारी पायवाट हे सारे उड्डाणपुलांखाली आणि इमारतींखाली गेलेले पाहिले, तेव्हा वाटले, जे कागदावर नाही ते निदान आवाजात तरी राहावे.

गेल्या वर्षी भावकीत एका बांधावरून वाद उभा राहिला आणि एका चुलतभावाने माझ्याकडे ते मुद्रण मागितले. "काकीने स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलंय, तुझ्याकडे तिचा आवाज आहे. आणखी काय पुरावा हवा?" असे त्याचे म्हणणे.

त्याच्या या बोलण्याने मी अडखळलो. विज्ञानकथांत आणि चित्रपटांत हाच विश्वास मी कितीदा तरी वाचला-पाहिला होता. माणसाच्या डोक्यातली आठवण काढून घ्यायची, साठवायची आणि दुसऱ्याला द्यायची, असे यंत्र तिथे असते. या लेखापुरते त्याला 'आठवणयंत्र' म्हणू. असे यंत्र अजून बनलेले नाही. पण त्याच्या जवळपासचे काही बनले आहे असे मानून महाराष्ट्रात एकदा खुनाच्या खटल्याचा निकाल दिला गेला आहे. कथेतले यंत्र, न्यायालयात पोहोचलेले यंत्र आणि माझा मोबाइल, या तिघांकडे वाचकाच्या नजरेने पाहावे, एवढाच या लेखाचा हेतू आहे. वाचकाची नजर म्हणजे 'गोष्ट कोण सांगतो आहे?' हे आधी विचारणारी नजर.

कथेतले यंत्र

डग्लस ट्रम्बुल यांच्या 'ब्रेनस्टॉर्म' (१९८३) या चित्रपटात डोक्यावर चढवायचे एक उपकरण अनुभव फितीवर उतरवते. ती फीत दुसऱ्याने लावली की तोच अनुभव त्याला येतो. त्यातली एक शास्त्रज्ञ हृदयविकाराच्या झटक्याने मरताना स्वतःचा मृत्यूच मुद्रित करते. कॅथरीन बिगेलो यांच्या 'स्ट्रेंज डेज' (१९९५) मध्ये अशा अनुभवांचा चोरटा बाजार चालतो. 'ब्लॅक मिरर' या ब्रिटिश मालिकेच्या 'द एंटायर हिस्टरी ऑफ यू' (२०११) या भागात कानामागे दाण्याएवढी वस्तू बसवलेली असते. जे पाहिले-ऐकले ते सगळे तीत साठते आणि हवे तेव्हा पडद्यावर लावता येते. फिलिप के. डिक यांच्या १९६६ सालच्या कथेत, जिच्यावरून १९९० मध्ये 'टोटल रिकॉल' निघाला, न घडलेल्या प्रवासाची आठवण विकत मिळते.

या कथा एकमेकींपासून कितीही दूर असल्या तरी बहुतेकींच्या तळाशी तीन समजुती आहेत. पहिली, आठवण ही डोक्यात तयार स्थितीत ठेवलेली वस्तू आहे. दुसरी, ती जशीच्या तशी बाहेर काढता येते. तिसरी, घेणाऱ्याला ती देणाऱ्याइतकीच मिळते. यंत्राचे रूप मात्र त्या-त्या काळातल्या बाजाराप्रमाणे बदलते: आधी फीत, मग तबकडी, मग चिप. हे आजचे नाही. प्लेटोच्या एका संवादात मनातल्या मेणावर उमटलेल्या ठशाची उपमा आहे. आपणही 'मनावर ठसले', 'काळजावर कोरले', 'स्मृतिपटलावरून पुसले' असेच म्हणतो. लिहिण्याचे जे साधन हाताशी असते, त्याचेच नाव आपण स्मृतीला देतो आणि मग ती उपमा आहे हे विसरून जातो.

यांतल्या चांगल्या कथा या समजुतींना कुठेतरी तडा देतात, आणि माझ्या मते त्यांचे मोल तिथेच आहे. डिकच्या कथेत पेरलेली आठवण आणि खरी आठवण यांची सरमिसळ होते. 'स्ट्रेंज डेज' मधला सर्वांत भयंकर प्रसंग असा की, मारेकरी आपल्या बळीच्या डोक्यावर उपकरण चढवून तिला स्वतःच्या, म्हणजे मारेकऱ्याच्या, नजरेतून तिचाच मृत्यू दाखवतो. अनुभव अस्सल आहे. प्रश्न आहे तो कोणाचा. 'ब्लॅक मिरर' मधला नवरा बायकोचे जुने क्षण पुन्हा पुन्हा लावून पाहतो. त्याला पुरावा मिळतो आणि घर मोडते. तिथे यंत्र कुठेही चुकत नाही. चित्र तेच राहते; पाहणारा दर वेळी वेगळ्या संशयाने पाहतो.

मराठीत या संदर्भात मला जयंत नारळीकरांची 'वामन परत न आला' ही कादंबरी आठवते. तिच्यात माणसाच्या आठवणींचे यंत्र नाही. जमिनीखाली सापडलेला एका लुप्त, प्रगत संस्कृतीचा ज्ञानाचा ठेवा आहे. पण तो टोपी घातली की डोक्यात उतरत नाही. तो उलगडावा लागतो, त्यासाठी माणसे राबतात, आणि मिळालेल्या माहितीचे काय करायचे यावर स्वार्थ आणि मतभेद आड येतात. वारसा घेणे म्हणजे वाचणे, आणि वाचणे म्हणजे निवडणे, हे नारळीकरांनी पक्के ओळखले होते. परदेशी चित्रपटांतल्या चकचकीत उपकरणांपेक्षा ही कल्पना मला जास्त शहाणी वाटते.

प्रयोगशाळेतले धागे

या कथांना विज्ञानाचा काहीच आधार नव्हता असे नाही. माँट्रियलचे मेंदूशल्यविशारद वाइल्डर पेनफिल्ड अपस्माराच्या रुग्णांच्या उघड्या मेंदूला, रुग्ण शुद्धीवर असताना, विजेचा सौम्य स्पर्श करत. मोजक्या रुग्णांना त्या वेळी गाणे ऐकू आले, ओळखीचे प्रसंग दिसले. मेंदूत सगळे आयुष्य चित्रफितीसारखे साठलेले आहे, ही समजूत त्यातून रूढ झाली. पुढे अभ्यासकांनी दाखवले की यांतले बरेचसे अनुभव स्वप्नासारखे रचलेले असावेत, आणि बहुसंख्य रुग्णांना तसे काही जाणवलेच नव्हते.

१९६० च्या दशकात अमेरिकेत जेम्स मॅकॉनेल यांनी प्लॅनेरिया या चपट्या कृमींना प्रकाश आणि विजेचा धक्का यांची सांगड शिकवली, त्यांचे तुकडे करून ते दुसऱ्या कृमींना खाऊ घातले आणि शिकवण पोटातून पुढे गेली असा दावा केला. पाठोपाठ जॉर्ज उंगर यांनी अंधाराची भीती शिकवलेल्या उंदरांच्या मेंदूतून एक पदार्थ वेगळा केल्याचे सांगितले. दोन्ही दावे इतर प्रयोगशाळांत नीट टिकले नाहीत. २०१८ मध्ये डेव्हिड ग्लान्झमन यांच्या गटाने विजेचे धक्के दिलेल्या समुद्री गोगलगायीतला आरएनए दुसरीत टोचला, तेव्हा न शिकलेली गोगलगायही स्पर्शाला जास्त वेळ आक्रसून राहिली. प्रयोग महत्त्वाचा आहे. पण जे पुढे गेले ते आक्रसणे होते. त्या धक्क्याची हकीकत गेली, असे म्हणायला आधार नाही.

माणसाच्या आठवणीबद्दलचे संशोधन वेगळ्याच दिशेला बोट दाखवते. फ्रेडरिक बार्टलेट यांनी १९३२ सालच्या पुस्तकात दाखवले की परकी लोककथा वाचून पुन्हा सांगताना लोक ती आपल्या ओळखीच्या साच्यात बसवत जातात. एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी १९७४ मध्ये लोकांना मोटारींच्या टकरीच्या चित्रफिती दाखवल्या आणि प्रश्नातले फक्त क्रियापद बदलले. मोटारी 'लागल्या' तेव्हा वेग किती होता, आणि 'आदळल्या' तेव्हा किती? आदळल्या म्हटले की लोक वेग जास्त सांगत. २००० मध्ये करीम नादेर आणि सहकाऱ्यांनी उंदरांवर दाखवले की जुनी भीती पुन्हा जागी झाली की ती काही काळ कच्ची होते आणि नव्याने पक्की व्हावी लागते. म्हणजे प्रत्येक आठवणे हे थोडेसे नव्याने घडवणे असते. आठवणीचा मूळ खर्डा कपाटात बंद नसतो. दर वेळी काढला की त्याच्यावर आपलाही हात फिरतो.

पुणे, २००८

आता त्या खटल्याकडे येऊ. २००७ साली पुण्यात एका तरुणाचा आर्सेनिकच्या विषबाधेने मृत्यू झाला. १२ जून २००८ रोजी पुण्याच्या सत्र न्यायालयाने या प्रकरणात एका तरुणीला जन्मठेप सुनावली. पुराव्यांत एका चाचणीचा अहवाल होता: 'ब्रेन इलेक्ट्रिकल ऑसिलेशन्स सिग्नेचर', थोडक्यात 'बिऑस'. ती विकसित करणारे चंपादी रामन मुकुंदन पूर्वी बंगळुरूच्या निम्हान्समध्ये होते. चाचणी मुंबईच्या न्यायसहायक प्रयोगशाळेत झाली. अशा चाचणीच्या आधारे मेंदूत गुन्ह्याचे 'अनुभवजन्य ज्ञान' आहे असे न्यायालयाने मानल्याचे हे उदाहरण जगभर गाजले.

चाचणी कशी होते? डोक्यावर विद्युतअग्रे लावतात. या तरुणीच्या डोक्यावर ३२ लावली होती. तिने काही बोलायचे नसते. डोळे मिटून शांत बसायचे आणि वाक्ये ऐकायची. त्यांत आकाश निळे आहे अशी निरुपद्रवी वाक्ये असतात आणि मधेमधे गुन्ह्याच्या घटनाक्रमातली. वाक्य ऐकताना मेंदूतल्या विद्युतलहरी कशा बदलतात यावरून संगणकप्रणाली ठरवते की ही गोष्ट फक्त माहीत आहे, की प्रत्यक्ष अनुभवलेली आहे.

वैज्ञानिक आक्षेप त्याच वर्षी आले. निम्हान्सचे तत्कालीन संचालक डॉ. डी. नागराज यांच्या अध्यक्षतेखालच्या तज्ज्ञ समितीने ही पद्धत अशास्त्रीय ठरवून तपासात आणि पुराव्यात तिचा वापर थांबवावा, असे सुचवले. पुढे अपिलाच्या काळात मुंबई उच्च न्यायालयाने शिक्षा झालेल्यांना जामीन दिला. ५ मे २०१० रोजी सर्वोच्च न्यायालयाने 'सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य' या निकालात सांगितले की नार्को, पॉलिग्राफ आणि मेंदूलहरींच्या चाचण्या कोणावरही सक्तीने करता येणार नाहीत. आणि संमतीने केलेल्या चाचणीचा निष्कर्षही स्वतःच पुरावा ठरणार नाही.

माझा आक्षेप साहित्याच्या वाचकाचा आहे, आणि तो मला कुठे फारसा वाचायला मिळाला नाही. गुन्ह्याची ती वाक्ये प्रथमपुरुषी असतात. मी विष विकत घेतले, मी त्याला भेटले, अशा धाटणीची. म्हणजे तपासाची जी गोष्ट तयार झाली आहे, ती आरोपीच्या तोंडी घालून तिलाच ऐकवायची. ही कथा लिहिली कोणी? तपासकांनी. 'मी' कोणाचा? आरोपीचा. कथेचे समीक्षक ज्याला निवेदक म्हणतात, तो इथे उसना आहे. यंत्र आठवण मुद्रित करत नाही. दुसऱ्याने लिहिलेल्या आत्मकथनाला श्रोत्याचा मेंदू कसा हुंकार देतो, हे मोजते. आणि ज्या बाईला आपल्यावरचा आरोप माहीत आहे, जी रात्रंदिवस तोच घटनाक्रम ऐकते आहे, मनात उगाळते आहे, तिच्या मेंदूने त्या 'मी' ला हुंकार देऊ नये असे कसे म्हणता येईल? चांगली कादंबरी वाचताना न केलेल्या पापाने आपल्याही छातीत धडधडते. ती धडधड कबुलीजबाब नसते.

ती तरुणी दोषी होती की निर्दोष, यावर मी काही म्हणत नाही. तो माझा अधिकार नाही. मुद्दा एवढाच की कथेतल्या त्या तिन्ही समजुती एका अहवालात एकत्र बसल्या आणि त्यांच्यावर 'शास्त्र' असा शिक्का बसला. चित्रपटात त्या समजुती चुकल्या तर फार तर कथा फसते. न्यायालयात त्यांच्यावर एका माणसाचे आयुष्य टांगलेले असते.

यंत्राविना देवघेव

आठवण पुढे देता येतच नाही, असे मात्र मला म्हणायचे नाही. आपल्याकडे ती शतकानुशतके दिली गेली आहे, आणि दोन अगदी उलट रीतींनी.

एक रीत वेदपाठाची. घनपाठात पहिला-दुसरा, दुसरा-पहिला, पहिला-दुसरा-तिसरा, तिसरा-दुसरा-पहिला, पुन्हा पहिला-दुसरा-तिसरा, अशी शब्दांची उलटसुलट विणकर केली जाते, म्हणजे एखादा शब्द गळला तर लगेच कळावे. ही खरीखुरी नक्कल करणारी यंत्रणा आहे. पण ती शब्द आणि स्वर जपते. ऋचा रचणाऱ्याला पहाट कशी दिसली, ते आपल्याला जसेच्या तसे मिळाले, असा दावा घनपाठी करत नाही.

दुसरी रीत जात्यावरच्या ओवीची. हेमा राईरकर आणि गी पोइटवाँ यांनी सहकाऱ्यांसह महाराष्ट्रातल्या हजाराहून अधिक गावांतून एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या. बर्नार बेल यांनी त्यांतल्या अनेक ध्वनिमुद्रित केल्या. आज हा संग्रह 'पारी' अर्थात पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडियाकडे आहे. ओवी आईकडून लेकीकडे, सासरहून माहेरी, एका गावातून दुसऱ्या गावात जाते. जाताना तिच्यात भावाचे नाव बदलते, गावाचे नाव बदलते, एखादा चरण नवा येतो. सीतेचा वनवास गाता गाता गाणारी स्वतःचा सासुरवास गाते. इथेही 'मी' उसना आहे. पण तो घेणारीने आपणहून उचललेला आहे, आणि जात्याशी बसलेल्या सगळ्यांना ते ठाऊक आहे. त्या संग्रहाची मला सर्वांत मोलाची वाटणारी गोष्ट म्हणजे ओवीसोबत गाणारीचे नाव आणि गाव नोंदवलेले आहे. ओवी सगळ्यांची असली, तरी या वेळी गायली कोणी, हे सुटत नाही.

यातून मला एक साधा नियम दिसतो. जे हुबेहूब पुढे जाते, तो अनुभव नसतो. आणि अनुभव पुढे जातो तेव्हा तो हुबेहूब राहत नाही. आठवणयंत्राचे स्वप्न या दोन्ही गोष्टी एकदम मागते.

माझा मोबाइल

शेवटी काकीकडे. भावकीतला वाद एका चिंचेच्या झाडाचा आहे. मोजणी आली त्या दिवशी बांध चिंचेच्या अलीकडे होता की पलीकडे? पहिल्या मुद्रणात काकी सांगते, ती शेतात उभी होती, साखळी ओढणारे दोघे होते, चिंचेखाली पाण्याची कळशी ठेवली होती आणि बांध चिंचेच्या पलीकडे होता. आवाज ठाम. (तिचे आगरी बोलीतले बोलणे मी इथे प्रमाण मराठीत देतो आहे, हाही एक बदलच.) दोन वर्षांनंतरच्या मुद्रणात कळशी आहे, साखळी आहे, उभी मात्र तिची सासू आहे. तिसऱ्यात पुन्हा ती स्वतः आहे.

मी कागद काढले. मोजणीच्या नकाशावरची तारीख आणि काकीच्या थोरल्या मुलाच्या शाळेच्या दाखल्यावरची जन्मतारीख यांत अकरा दिवसांचे अंतर निघाले. पहिलटकरीण काकी त्या वेळी खाडीपलीकडे काल्हेरला, माहेरी बाळंतपणाला गेलेली. ती शेतात असणे शक्य नव्हते. सासूने ती हकीकत तिला इतक्या वेळा सांगितली असणार की कळशीसकट ती काकीची झाली. म्हणजे एका बाईची आठवण दुसरीकडे पोचली होती, आणि त्यासाठी कोणतीही टोपी लागली नव्हती.

मग मी पहिले मुद्रण पुन्हा ऐकले. काकी सांगायला सुरुवात करते त्याच्या आधी माझाच आवाज आहे: "काकी, तू तेव्हा शेतातच होतीस ना?" ती क्षणभर थांबते आणि म्हणते, "होते ना." पुण्याच्या चाचणीतल्या वाक्यांवर मी वर इतके लिहिले, पण काकीच्या तोंडी तो 'मी' प्रथम मीच घातला होता. हेतू वाईट नव्हता. मला चांगले मुद्रण हवे होते, इतकेच.

चुलतभावाला फक्त पहिले मुद्रण हवे होते. मी त्याला तिन्ही दिली, वर माझ्या प्रश्नाची आणि त्या दोन तारखांची नोंद जोडून. त्या दिवसापासून तो माझ्याशी बोलत नाही. त्याची बाजू खोटी आहे असे मला वाटत नाही. सासूने पाहिलेले खरे असू शकते, आणि तसेही मी त्या नोंदीत लिहिले आहे. काकीला आता विचारण्यात अर्थ उरलेला नाही. ती मला माझ्या वडिलांच्या नावाने हाक मारते.

आठवणयंत्र उद्या खरोखर आलेच, तर त्याच्या तंत्राची चर्चा तज्ज्ञ करतीलच. मी प्रत्येक मुद्रणाबरोबर तीन गोष्टी मागेन: विचारले कोणी, हे सांगणे कितव्यांदाचे, आणि पाहिलेले की ऐकलेले. ज्या यंत्राला ही तीन उत्तरे देता येणार नाहीत, त्याला निदान न्यायालयाच्या पायरीवर चढू देऊ नये.

माझ्या संगणकावर त्या फाइलचे नाव 'काकीची आठवण' असे होते. मी ते बदलले आहे. आता तिथे लिहिले आहे: 'काकीच्या सासूची आठवण, काकीने सांगितलेली, माझ्या प्रश्नासह.' नाव लांबलचक झाले खरे. पण यांतले एकही माणूस गाळता येत नाही.